ढोलकी कोणी वाजवली?

दोस्तांनो, आज सुरुवातीलाच तुमची एक छोटी परीक्षा आहे. घाबरू नका, मार्क नाहीत!

तुमचं सगळ्यांत आवडतं गाणं आठवा. आठवलं? ते कोणी म्हटलंय? हात वर करा बघू. वा, सगळ्यांचे हात वर! आता सांगा, चाल कोणाची? हात जरा कमी झाले. शब्द कोणाचे? आणखी कमी झाले. बरं, आता शेवटचा प्रश्न. त्या गाण्यात ढोलकी कोणी वाजवली?

एकही हात वर नाही. लाजू नका, माझाही हात खालीच आहे. गंमत बघा हं. गाणं सुरू होताच ज्या ठेक्यावर आपले पाय आपोआप हलायला लागतात, तो ठेका धरणाऱ्या माणसाचं नावच आपल्याला ठाऊक नसतं! पूर्वी कॅसेटच्या डबीत एक घडी घातलेला कागद असायचा. आई-बाबांना विचारा, त्यांना आठवेल. त्यावर मुंगीएवढ्या अक्षरांत वादकांची नावं छापलेली असायची, म्हणजे कंपनीच्या मनात आलं तर. आता गाणं मोबाइलवर येतं आणि तो कागदही गेला.

आज ज्या माणसाशी आपण ओळख करून घेणार आहोत, त्याने आपलं बरंचसं आयुष्य अशाच प्रश्नांच्या मागे घालवलं. हे गाणं आलं कुठून? वाजवलं कोणी? कोणाकडून कोणाकडे गेलं? त्याचं नाव सिड ग्रिफिन. तो गिटार वाजवतो, मँडोलिन वाजवतो, गाणी रचतो, गातो. आणि हे सगळं करून दुसऱ्यांच्या गाण्यांवर पुस्तकंही लिहितो. आहे की नाही वेगळाच गडी?

आठ भावंडांत एक मँडोलिन

सिडचा जन्म १९५५ चा. अमेरिकेत केंटकी नावाचं राज्य आहे. तिथे ओहायो नदीच्या काठी लुइव्हिल नावाचं शहर आहे. मुष्टियोद्धा महंमद अली याच शहरातला. सिडही इथलाच.

केंटकीत तीन गोष्टी भरपूर. घोडे, कोळशाच्या खाणी आणि गाणं. तिथल्या गवताला नाव पडलंय निळं गवत, इंग्रजीत ब्लूग्रास. खरं तर ते हिरवंच असतं, पण नाव पडलं ते पडलं. याच नावाचं एक संगीतही आहे, आणि त्याची गोष्ट ऐकण्यासारखी आहे.

केंटकीतल्या रोझीन नावाच्या एका खेड्यात बिल मन्रो नावाचा मुलगा होता. १९११ साली जन्मलेला, आठ भावंडांत सगळ्यांत धाकटा. घरात वाद्यं वाटली गेली तेव्हा मोठ्या भावांनी आधीच हात मारला. एकाने फिडल म्हणजे व्हायोलिन घेतलं, एकाने गिटार. धाकट्याच्या वाट्याला उरलं मँडोलिन. असं सांगतात, की मँडोलिनच्या आठ तारांपैकी चारच लावायच्या अशी भावांची ताकीद होती. का? तर हा फार आवाज करेल म्हणून! धाकट्या भावंडांनो, तुमचं दुःख जागतिक आहे बरं का!

पण या उरलेल्या वाद्यावरच बिलने असा काही हात बसवला, की त्याच्या ‘ब्लू ग्रास बॉइज’ या बँडच्या नावावरून एका सबंध संगीतप्रकाराला ब्लूग्रास हे नाव मिळालं. या संगीतात मुळात ढोल नसतो, ड्रम नसतात. मग ठेका कोण धरतं? उभं ठेवून वाजवतात तो भलामोठा बास ‘धुम्’ करतो आणि त्याच्या मधल्या जागेत मँडोलिनचा तुकडा पडतो, ‘चक्’. धुम्-चक्, धुम्-चक्. तोंडाने करून बघा. झाला ठेका! वादक जुन्या पद्धतीने एकाच माइकभोवती उभे राहतात. ज्याची पाळी असेल तो पुढे सरकतो, आपला तुकडा वाजवतो आणि दुसऱ्याला जागा करून देऊन मागे होतो. ही पुढे होण्याची आणि मागे सरकण्याची गोष्ट लक्षात ठेवा, पुढे उपयोगी पडेल.

बिलला हे सगळं शिकवलं कोणी? एक त्याचा मामा, पेन नावाचा. तो फिडल वाजवायचा. दुसरा अर्नोल्ड शुल्ट्झ नावाचा एक कृष्णवर्णीय वादक. तो गिटारही वाजवायचा आणि फिडलही. बिल स्वतः मोठेपणी या दोघांची नावं सांगायचा. नाही तर अर्नोल्ड शुल्ट्झचं नाव आज कोणाला कळलं असतं?

याच संगीतातलं दुसरं मोठं वाद्य म्हणजे बँजो. थांबा, थांबा! आपल्याकडे गणपतीच्या मिरवणुकीत जो ‘बेंजो’ वाजतो, तो हा नव्हे. आपला बेंजो म्हणजे टाइपरायटरसारखी बटणं असलेलं वाद्य. तो मूळचा जपानी वाद्यावरून आला. अमेरिकेतला बँजो दिसतो डफाला दांडा लावल्यासारखा. तो अमेरिकेला दिला आफ्रिकेतून गुलाम म्हणून धरून आणलेल्या माणसांनी. त्यांच्याजवळ काहीच राहू दिलं नव्हतं, पण वाद्य कसं करायचं हे डोक्यात होतं. तिथे गेल्यावर त्यांनी ते पुन्हा बनवलं. म्हणजे बघा, फिडल युरोपातून, मँडोलिन इटलीतून, बँजो आफ्रिकेतून, आणि सगळ्यांचं मिळून गाणं झालं केंटकीत.

आयच्या जागी वाय

सिड कॉलेज शिकला, पदवी घेतली आणि १९७७ च्या सुमाराला अमेरिकेच्या दुसऱ्या टोकाला, लॉस एंजेलिसला गेला. ते दिवस पंक रॉकचे होते. म्हणजे गाणं वेगात, जोरात आणि मागचं सगळं मोडून टाकायच्या आवेशात. ‘जुनं ते सगळं टाकाऊ’ अशी हवा होती.

सिडलाही तो वेग आवडत होता. पण त्याला जुनं टाकायचं नव्हतं. त्याला वाटायचं, ही जी जोरकस विजेची गिटार आहे, तिच्यात केंटकीतली जुनी गाणी का नाही ओतायची? अशा संगीताला रूट्स रॉक म्हणतात. रूट्स म्हणजे मुळं. झाड रॉकचं, पण मुळं ब्लूज, कंट्री, ब्लूग्रास आणि लोकगीतांच्या मातीत.

१९८० च्या दशकाच्या सुरुवातीला सिडचा बँड उभा राहिला. त्याचं नाव ‘लाँग रायडर्स’. या नावाची एक गंमत आहे. १९८० साली याच नावाचा घोडेस्वार लुटारूंवरचा एक सिनेमा आला होता. नाव तिथलं घेतलं, पण स्पेलिंगमध्ये एक खोडी केली. रायडर्समधल्या ‘आय’च्या जागी ‘वाय’ घातला. का? कारण १९६० च्या दशकात ‘बर्ड्‌स’ नावाचा एक बँड होता. त्यांनी बर्ड म्हणजे पक्षी या शब्दात ‘आय’च्या जागी ‘वाय’ घातला होता. आपल्या नावातलं एक अक्षर बदलून या पोरांनी जुन्या बँडला नमस्कार केला. आपल्याकडे गुरूचं नाव घेताना कानाची पाळी धरतात ना, तसंच हे.

बर्ड्‌सचा खास आवाज होता बारा तारांच्या गिटारचा. साध्या गिटारला सहा तारा असतात. हिला दोन-दोन तारांच्या सहा जोड्या. खालच्या चार जोड्यांत एक तार दुसरीपेक्षा सप्तकभर उंच लावतात, वरच्या दोन जोड्या एकाच सुरात. एकदा छेडली, की एखाद्या देवळात लहानमोठ्या घंटा एकदम वाजाव्यात तसा किणकिणाट होतो. सिडनेही ही गिटार हाती घेतली. आणि १९८४ साली लाँग रायडर्सचा ‘नेटिव्ह सन्स’ हा अल्बम निघाला, तेव्हा त्यातल्या एका गाण्यात गायला कोण आलं माहिती आहे? खुद्द बर्ड्‌सचा एक संस्थापक, जीन क्लार्क! ज्याच्यासाठी स्पेलिंग बदललं तोच शेजारी उभा राहून गातोय. काय वाटलं असेल त्या पोरांना!

पुढच्या वर्षी, १९८५ साली, त्यांचं ‘लुकिंग फॉर ल्यूइस अँड क्लार्क’ हे गाणं इंग्लंडमध्ये बरंच वाजलं. ल्यूइस आणि क्लार्क कोण? हे दोघे अमेरिकेचे जुने शोधप्रवासी. १८०३ साली ते एकमेकांना येऊन मिळाले ते सिडच्या लुइव्हिलजवळच, आणि पुढे थेट पॅसिफिक महासागरापर्यंत वाट शोधत गेले. लुइव्हिलच्या मुलाने गाण्याला हे नाव दिलं यात नवल नाही.

विसरलेल्या गायकाचं पुस्तक

त्याच १९८५ साली सिडने आणखी एक काम केलं, आणि मला ते अल्बमपेक्षाही मोठं वाटतं. त्याने एक पुस्तक काढलं. स्वतःवर नव्हे, ग्रॅम पार्सन्स नावाच्या दुसऱ्या एका गायकावर.

हा ग्रॅम कोण? १९६८ साली तो बर्ड्‌समध्ये दाखल झाला आणि त्याने त्या रॉक बँडला कंट्री संगीताकडे वळवलं. त्या वेळी ही फार धाडसाची गोष्ट होती. लांब केसवाले तरुण रॉक ऐकायचे आणि कंट्रीला नाक मुरडायचे. खेड्यापाड्यातली माणसं कंट्री ऐकायची आणि लांब केसवाल्यांना नाक मुरडायची. ग्रॅमने या दोघांना एकाच पंगतीत बसवायचं ठरवलं. झालं काय, तर दोन्हीकडचे रुसले! त्याच्या तबकड्या फारशा खपल्या नाहीत.

आणि १९७३ साली, वयाच्या अवघ्या २६ व्या वर्षी, दारू आणि अमली पदार्थांपायी तो गेला. दोस्तांनो, ही गोष्ट लपवण्यात अर्थ नाही. इतका गुणी माणूस, पण व्यसनाने त्याला खाल्लं. त्याच्याबरोबर गाणारी एमिलू हॅरिस पुढे खूप मोठी गायिका झाली. ग्रॅमचं नाव मात्र मागे पडत चाललं होतं.

तबकड्या दुकानातून गेल्या, की गायक गेलाच म्हणा. त्याच्याबरोबर वाजवलेली माणसं असतात, पण ती पांगतात, म्हातारी होतात, विसरतात. सिडला हे दिसत होतं. ग्रॅमला जाऊन बारा वर्षं झाली होती. म्हणून त्याने ग्रॅमला ओळखणाऱ्या माणसांना गाठून मुलाखती जमवल्या. तू त्याला कधी भेटलास? हे गाणं कसं झालं? त्या दिवशी कोण कोण होतं? जे कळलं ते छापून ठेवलं.

आज ग्रॅम पार्सन्सचं नाव रॉक संगीताच्या इतिहासात मानाने घेतात. ते काही एकट्या सिडमुळे नव्हे. एमिलूने त्याची गाणी गात राहून मोठं काम केलं. पण लिहिणाऱ्याचाही त्यात वाटा आहे. आणि एक लक्षात घ्या. सिड तेव्हा तिशीचा होता. त्याचा स्वतःचा बँड नावारूपाला येत होता. अशा वेळी माणूस म्हणतो, ‘माझं ऐका, माझं बघा.’ हा म्हणत होता, ‘माझ्या आधी एक जण होऊन गेला, त्याचंही ऐका.’ ब्लूग्रासवाले एका माइकभोवती करतात तेच. आपली पाळी वाजवायची आणि दुसऱ्यासाठी मागे सरकायचं.

बँड फुटला, मग काय?

आता तुम्ही म्हणाल, एवढा चांगला बँड, मग पुढे खूप श्रीमंत झाले असतील. छे!

बँड चालवायचा म्हणजे गाडीचं पेट्रोल, जेवण, हॉटेल, वाद्यांची दुरुस्ती, सगळ्याला पैसे लागतात. मध्ये लाँग रायडर्स एका बिअरच्या जाहिरातीत दिसले, तर काही चाहते भडकले. ‘तुम्ही विकले गेलात!’ म्हणाले. तुम्हाला काय वाटतं? कलावंताने जाहिरात करावी की नाही? घरी यावर जरूर भांडा. दोन्ही बाजूंना बोलण्यासारखं आहे.

१९८७ साली बँड मोडला. तीन मोठे अल्बम, वर्तमानपत्रांत कौतुक, पण घवघवीत यश नाही. आणखी एक गंमत, की दुःख म्हणू? १९९० नंतर रॉक आणि कंट्री यांची सरमिसळ करणारे पुष्कळ बँड निघाले, त्या प्रकाराला नाव मिळालं, मान मिळाला. लाँग रायडर्सनी ते आधीच करून ठेवलं होतं. पेरलं एकाने आणि पीक काढलं दुसऱ्याने, अशातली गत.

बत्तिशीचा माणूस. बँड नाही. अशा वेळी काय करतात? काही जण वाद्य माळ्यावर टाकतात. काही जण जन्मभर ‘आमच्या वेळी’ म्हणत कुढत बसतात. सिड १९९० च्या दशकाच्या सुरुवातीला इंग्लंडला गेला आणि लंडनला राहू लागला. तिथे त्याने मासिकांतून संगीतावर लेख लिहिले. आणि ‘कोल पोर्टर्स’ हा दुसरा बँड चालवला. या नावातही कोटी आहे हं! कोल पोर्टर नावाचा एक प्रसिद्ध अमेरिकन संगीतकार होऊन गेला. पण स्पेलिंग थोडं बदललं, की त्याचाच अर्थ होतो कोळसा वाहणारा हमाल. आणि केंटकी म्हणजे कोळशाच्या खाणी! सांगा पाहू, असं नाव आपल्याला सुचलं असतं का?

हा बँड आधी विजेच्या गिटारांचा होता. पण २००० नंतरच्या काही वर्षांत त्यांनी चक्क प्लग काढून टाकले. सिडने मँडोलिन हातात घेतलं, सोबत फिडल आणि बँजो आले. केंटकीतून निघालेला मुलगा लॉस एंजेलिस करून लंडनला पोहोचला आणि तिथे जाऊन केंटकीचं ब्लूग्रास वाजवायला लागला! कधी कधी आपलं घर लांब गेल्यावरच नीट दिसतं. २००६ साली त्याने एका वादकाच्या जोडीने ब्लूग्रास गिटारवर पुस्तकही केलं. ब्लूग्रासचे मोठे वादक कोण आणि ते वाजवायचं कसं, दोन्ही त्यात आहे.

तळघरातलं कोडं

आता आपण आपल्या पहिल्या प्रश्नाकडे येऊ. ढोलकी कोणी वाजवली?

बॉब डिलनचं नाव तुम्ही ऐकलं असेल. २०१६ साली साहित्याचं नोबेल मिळालेला गायक. १९६६ च्या जुलैत त्याला मोटरसायकलचा अपघात झाला. त्यानंतर तो दौरे सोडून न्यूयॉर्क राज्यात वूडस्टॉक गावाजवळ शांतपणे राहू लागला. त्याचे साथीदार वादकही जवळच एका गुलाबी रंगाच्या घरात राहायला आले. पुढे याच वादकांचा ‘द बँड’ झाला. १९६७ साली हे सगळे जमायचे आणि आधी डिलनच्या घरी, मग त्या गुलाबी घराच्या तळघरात मजेत गात बसायचे. जुनी लोकगीतं, नवी गाणी, सुचेल ते. गार्थ हडसन हा त्यांचा ऑर्गनवादक. तो वाजवता वाजवता स्पूलच्या टेपरेकॉर्डरचं बटणही दाबायचा. शंभराहून अधिक गाणी अशी टेपवर उतरली.

पण ही काही कंपनीच्या स्टुडिओतली रीतसर नोंद नव्हती. मित्र जमलेत आणि गातायत, एवढंच. या टेपांच्या प्रती हातोहात फिरल्या, चोरून तबकड्याही निघाल्या. रीतसर अल्बम निघाला तो १९७५ साली, आणि त्यातही थोडीच गाणी होती.

आता कोडं बघा. या मंडळींचा ड्रमवादक लेव्हन हेल्म. पण तो तर १९६५ च्या अखेरीलाच त्यांना सोडून गेला होता आणि परत आला १९६७ च्या हिवाळ्याच्या तोंडावर! मग उन्हाळ्यातल्या ज्या गाण्यांत ड्रम ऐकू येतात, ते वाजवले कोणी? उत्तर असं, की तळघरात वाद्यांची अदलाबदल चालायची. पियानो वाजवणारा रिचर्ड मॅन्युएल उठून ड्रमवर बसायचा. तो काही ड्रम शिकलेला नव्हता, त्यामुळे त्याचा ठेका जरा वेगळाच, लडखडत डुलत चालल्यासारखा येतो.

अशी कोडी सोडवायला कसा माणूस हवा? ज्याला टेपेवरचा आवाज ऐकून कळतं, की ही तार कोणत्या वाद्याची, हा हात सरावलेला की नवखा. म्हणजे स्वतः वाजवणारा. आणि जो धीराने तारखा जुळवतो, माणसांना भेटतो, लिहून ठेवतो. म्हणजे लेखक. दोन्ही एकाच माणसात सापडणं कठीण. सिडमध्ये ते सापडतात. २००७ साली या तळघरातल्या टेपांवर त्याचं ‘मिलियन डॉलर बॅश’ हे पुस्तक आलं. त्यात त्याने एकेक गाणं घेऊन त्याचा विचार केलाय. २०१० साली डिलनच्याच १९७५-७६ च्या दौऱ्यावर दुसरं पुस्तक आलं. आणि २०१४ साली जेव्हा या टेपांतला जवळजवळ सगळा खजिना, १३८ ध्वनिमुद्रणं, सहा सीडींच्या संचात निघाला, तेव्हा त्यासोबतची माहिती लिहिणाऱ्यांत सिड होता. आठवतो तो कॅसेटच्या डबीतला मुंगीएवढ्या अक्षरांचा कागद? तोच, जरा मोठा!

आणखी एक धागा सांगतो. १९६८ साली बर्ड्‌सनी जो कंट्रीकडे वळलेला अल्बम केला, ज्यात ग्रॅम पार्सन्स होता, त्याची सुरुवातच होते या तळघरातल्या एका गाण्याने. म्हणजे सिडची ग्रॅमवरची आणि तळघरावरची दोन पुस्तकं वरून वेगळी दिसतात, पण खाली मुळं एकच. गार्थ हडसन २०२५ च्या जानेवारीत वारला. ‘द बँड’च्या त्या पाच जणांपैकी तो शेवटचा. आता तळघरात काय झालं हे विचारायला त्यांच्यातलं कोणीच उरलं नाही. जे वेळेवर विचारून लिहून ठेवलं, तेवढंच आपलं.

बत्तीस वर्षांनी

गोष्टीचा शेवट गोड आहे, जरासा हळवाही. लाँग रायडर्सची मंडळी पुढे अधूनमधून भेटत, वाजवत राहिली. पण नवा अल्बम? तो आला २०१९ साली. १९८७ नंतर तब्बल बत्तीस वर्षांनी! स्टुडिओचं भाडं म्हणजे काय थोडं असतं? इथे एक माणूस धावून आला. १९८० च्या दशकात हा त्यांच्या दौऱ्यांत सामान उचलायचा, गिटारी लावून द्यायचा. पुढे तो डॉक्टर ड्रे या मोठ्या रॅप संगीतकाराकडे काम करू लागला. त्याने जुन्या दोस्तांना लॉस एंजेलिसमधला ड्रेचा स्टुडिओ मिळवून दिला. सामान उचलणाऱ्याशी जो नीट वागतो, त्याला असा दिवस दिसतो.

२०२१ च्या जानेवारीत बँडमधला बासवादक टॉम स्टीव्हन्स वारला. उरलेल्या तिघांनी २०२३ साली पुढचा अल्बम केला. थांबले नाहीत.

आता दोन शब्द आई-बाबांशी. ‘गाण्याने पोट भरतं का?’ हा तुमचा प्रश्न खरा आहे, आणि सिडची गोष्ट ऐकून ‘हो, धो धो पैसा मिळतो’ असं मी काही सांगणार नाही. पण त्याने एका गोष्टीवर सगळा भार टाकला नाही. गाणं थंडावलं तेव्हा लेखणी होती, आणि लेखणीत दम होता तो गाण्यामुळे. तुमच्या मुलाला तबल्याची आवड असेल, तर त्याला तबल्याबद्दल चार ओळी लिहायलाही सांगा. हातही चालेल, डोकंही चालेल.

आणि दोस्तांनो, तुमच्यासाठी या आठवड्याचा उद्योग. एक वही घ्या. घरातलं किंवा गल्लीतलं एक गाणं निवडा. आजीची ओवी चालेल, भोंडल्याचं गाणं चालेल, मिरवणुकीत बेंजोवर वाजणारी एखादी धून चालेल. मग चार प्रश्न विचारा. हे तुम्ही कोणाकडून शिकलात? कधी, कुठल्या गावी? सोबत कोण असायचं? आणि अर्थातच, ठेका कोण धरायचं? उत्तर येईल ते तारीख घालून लिहा. मात्र एक नियम. जे कळलं नाही त्याची जागा कोरी सोडा. मनाने काही भरू नका. कोरी जागा पुढे कोणीतरी भरेल, पण थाप एकदा लिहिली, की पुसणं फार अवघड जातं.

उद्यावर टाकू नका हं. आजी दुपारी झोपून उठली, की चहाच्या वेळेला तिच्यासमोर जाऊन बसा. वही आणि पेन्सिल सोबत असू द्या. सापडलेली नावं मला पत्राने जरूर कळवा. पहिलं नाव कोणाचं येतंय, याची मी वाट बघतोय.